विरामबाईंचं सेजंक्शन

“म्हणजे घटस्फोटच ना?”

“नाही म्हटलं ना एकदा.”

“मग फारकत.”

“तीही नाही.”

“मग माहेरी जाऊन बसणारेस? या वयात?”

“माहेर उरलंय कुठं? आणि मी कुठंही जात नाहीये. याच घरात राहणार, याच ओट्यापाशी उभी राहणार. तुमचा चहासुद्धा वेळेवर मिळेल. फक्त सोमवारपासून तुमच्या टेबलाशी बसणार नाही. मला सेजंक्शन हवंय.”

“हे कुठलं भूत उकरून काढलंस?”

“मी नाही काढलं. सत्तेचाळिसाव्या फर्म्यात आहे. तिसरं पान, उजवा रकाना. ते पान तुम्हीच तपासलंय. खाली तुमची सही आहे, तारखेसकट.”

तपासनीसांच्या एका गालावर साबण होता आणि दुसरा गाल नुकताच गुळगुळीत झाला होता. वस्तरा हातात तसाच राहिला.

“सही केली म्हणून काय शब्द पाठ करायचा?”

“पाठ नका करू. पण निदान दिसायला तरी हवा होता!”

यावर मात्र तपासनीसांनी नळ मोठा सोडला. बोलणं संपवायचं असलं की ते नळ सोडत. विरामबाईंनी पुढं होऊन नळ बंद केला. पंचवीस वर्षांच्या संसारात पहिल्यांदा.

हे दोघं नवरा-बायको. एकाच छापखान्यात, एकाच टेबलाच्या दोन बाजूंना, समोरासमोर बसून काम करणारे. तिथं दोघांना नावानं कुणी ओळखत नाही. ते तपासनीस आणि त्या विरामबाई. हे नाव कसं पडलं ते कळायचं तर आधी त्या टेबलावर काय चालतं ते कळायला हवं.

प्रूफ दोघांनी मिळून तपासायचं, अशी या छापखान्याची जुनी रीत. एकानं हस्तलिखित मोठ्यानं वाचायचं. दुसऱ्यानं छापून आलेल्या प्रूफावर पेन्सिलीचं टोक सरकवत ते ऐकायचं आणि चूक दिसली की थांबवायचं. वाचणाऱ्याला नुसते शब्द वाचून चालत नाही. कागदावर जे जे दिसतं ते ते बोलावं लागतं. “कंस सुरू, लॅटिन, कंस पुरा, स्वल्पविराम, जाड टाइप, नवा परिच्छेद.” गेली सव्वीस वर्षं विरामबाई रोज सहा तास असं वाचत आल्या. मग ते घरी येताना छापखान्यातच कसं ठेवून यायचं? वाणसामानाच्या दुकानात त्या “साखर स्वल्पविराम चहा स्वल्पविराम आणि ताजी असेल तरच डाळ पूर्णविराम” म्हणत, आणि दुकानदार हसू दाबून पुड्या बांधी. लेक लहान असताना तिला रागावल्या, की शेवटी “उद्गारचिन्ह” असं खणखणीत ऐकू येई. त्यानंतर पोरगी वाद घालत नसे. उद्गारचिन्हापुढं कोण बोलणार?

विरामबाईंचे वडील छापखान्यात खिळे जुळवणारे जुळारी होते. शिशाच्या खिळ्यावरचं अक्षर उलटं असतं. विरामबाई शाळेत जायच्या आधी ती उलटी अक्षरं ओळखू लागल्या आणि शाळेत गेल्यावर सुलटी वाचायला अडखळल्या. वर्गाच्या बाईंनी वडिलांना बोलावून घेतलं. “मुलीला डोक्याच्या डॉक्टरकडं न्या,” म्हणाल्या. वडिलांनी मुलीपुढं पुस्तक उलटं धरलं आणि ती धडाधड वाचत सुटली. तिथून त्यांना उलटं, सुलटं, आडवं सगळं सारखंच.

विसाव्या वर्षी त्यांनी छापखान्यात तपासनीसाच्या जागेसाठी अर्ज दिला. तेव्हाचे मालक, म्हणजे आताच्या मालकांचे वडील, अर्ज बघून म्हणाले, “आवाज छान आहे मुलीचा. वाचायला बसवा.” समोर एक तरुण तपासनीस बसला होता, नाकीडोळी नीटस, केस चापून बसवलेले. वर्षभरानं लग्न झालं. “टेबल एक होतंच, आता ताटही एक झालं,” असं म्हणून सगळा छापखाना हसला. त्या दिवसापासून दोघांना बैलजोडी म्हणायला लागले. प्रेमानं म्हणत. प्रेमानं म्हटलेलं परतवता येत नाही, हीच अडचण.

प्रत्येक फर्म्याच्या, म्हणजे सोळा पानांच्या गठ्ठ्याच्या, तळाशी तपासणाऱ्याची सही लागते. वाचणाऱ्याची नाही. तपासनीसांचा छापखान्यात दबदबा होता. घारीची नजर, म्हणत त्यांना. पण ती घार कुठं बसली होती ते एका विरामबाईंनाच ठाऊक होतं. हस्तलिखित वाचता वाचता त्यांचा अर्धा डोळा टेबलापलीकडच्या प्रूफावर असे. त्यांच्या बाजूनं ते उलटं दिसे, पण त्यांना उलट्याचं काय! चूक दिसली की त्या पेन्सिलीनं टेबलावर एकदा टक करत. तपासनीस मागं जात, शोधत, चूक सापडे. कागदावरची खूण तपासनीसांची, सहीही तपासनीसांचीच.

नोकरीच्या नवव्या वर्षी विरामबाईंनी विचारलं होतं, “फर्म्यावर दोघांची सही केली तर?” तपासनीस मोठ्यानं हसले होते. “वाचणाऱ्याची कसली सही? उद्या भिंतीवरचं घड्याळही म्हणेल, मीही इथंच होतो.” सोळाव्या वर्षी पुन्हा विचारलं. तेव्हा हसलेही नाहीत, नळ सोडला.

आणि मग छापखान्यात तो कोश आला. जुन्या, विसरलेल्या इंग्रजी शब्दांचा, मराठीतून अर्थ आणि उगमासह. कोशकार म्हणजे कोर्टातले निवृत्त दुभाषे. अकरा वर्षं खपून त्यांनी तो लिहिला होता. हस्तलिखितातलं अक्षर मात्र बोराएवढं आणि छापायचा टाइप मोहरीएवढा. आठवड्यातून एकदा ते स्वतःचा थर्मास घेऊन छापखान्याच्या पायरीवर येऊन बसत आणि कुणी काही विचारतंय का, याची वाट बघत. कुणी विचारत नसे.

त्या दिवशी विरामबाई वाचत होत्या, “सेजंक्शन जाड टाइप स्वल्पविराम नाम स्वल्पविराम जोडलेलं सुटं करणं अर्धविराम वेगळेपणा पूर्णविराम लॅटिन सेयुंगेरे तिरपा टाइप कंस सुरू से...” आणि त्यांना समोरच्या प्रूफावर ‘से’च्या जागी ‘ते’ पडलेला दिसला. त्यांनी टक केलं. तपासनीसांची पेन्सिल पुढं सरकली. त्यांनी पुन्हा टक केलं.

“काय टकटक लावलीय? चल पुढं.”

त्या पुढं गेल्या. पण शब्द मागंच अडकला. जेवणाच्या सुट्टीत डबा हातात घेऊन त्या पायरीवर गेल्या.

“सर, सेजंक्शन हा शब्द कुणी वापरतं का हो?”

“कुणीही नाही!” कोशकार एकदम उजळले. “म्हणून तर घेतलाय. वापरातले शब्द आपलं आपण बघून घेतात.”

“पण साधं सेपरेशन आहे की. मग हा कशाला?”

“बसा. बसा आधी.” त्यांनी थर्मास बाजूला सरकवला. “दोन्हीत ‘से’ तोच. से म्हणजे बाजूला, दूर. सेपरेशनमध्ये पुढं आहे पारारे, म्हणजे तयार करणं. बाजूला तयार करून ठेवणं, असं समजा. पण तुमच्या या शब्दात पुढं आहे युंगेरे. जोडणं, जुंपणं. बैलाच्या मानेवर जू असतं ना? ते जू आणि हे युंगेरे एकाच घराण्यातले. आपला योग, आपला वियोग, सगळी एकाच आजोबांची नातवंडं. काही इकडं राहिली, काही तिकडं गेली.”

विरामबाईंचा घास हातातच राहिला. “म्हणजे सेजंक्शन म्हणजे जू उतरवून ठेवणं.”

“कोशात असं लिहिलं तर विद्वान माझ्या अंगावर येतील. पण इथं पायरीवर बसून हो म्हणतो.”

“यात काही तुटत नाही?”

“छे! ओढून उपटण्याचा शब्द वेगळा आहे. डिव्हल्शन. तो डी अक्षरात होऊन गेला. तुम्हीच वाचलाय. यात फाडाफाड नाही. जोडलेलं होतं, सुटं केलं. एवढंच.”

“आणि जू उतरवल्यावर बैल जातो कुठं?”

कोशकारांनी टोपणातला चहा संपवला. “तेवढं शब्दात नसतं, बाई. शब्द उतरवेपर्यंतच येतो बरोबर.”

डबा तसाच बंद करून विरामबाई आत आल्या. इतकी वर्षं त्यांना जे हवं होतं त्याला नावच नव्हतं. भांडण म्हणावं तर भांडण नव्हतं. घटस्फोट म्हणावं तर नवरा नको होता असं नाही. दुपारी तो झोपेत पुटपुटायचा ते त्यांना अजून आवडे. नको होतं ते टेबल. नको होती ती टकटक. आपल्या हातानं खूण करावी, खाली आपली सही करावी, इतकीच मागणी. तिला नाव मिळालं, आणि नाव मिळालेली गोष्ट गप्प बसत नाही.

पण तो ‘ते’ डोक्यातून जाईना. टक केल्यावर तपासनीस मागं का गेले नाहीत? दुसऱ्या दिवशी वाचता वाचता, आवाज जराही न बदलता त्या म्हणाल्या, “तपासनीस स्वल्पविराम नाम स्वल्पविराम प्रूफाकडं न बघता मान हलवणारा गृहस्थ पूर्णविराम.”

“हं,” तपासनीस म्हणाले आणि त्यांनी समासात बरोबरची खूण केली.

विरामबाई ओळ न चुकवता पुढं वाचत राहिल्या, पण अर्धा डोळा आता प्रूफावर नाही, पेन्सिलीवर ठेवला. तपासनीसांची पेन्सिल त्यांच्या आवाजाबरोबर सरकत होती, अक्षरांबरोबर नाही. सव्वीस वर्षांत त्यांना आवाजाची चाल पाठ झाली होती. कुठं ओळ संपते, कुठं परिच्छेद फिरतो, हे तपासनीस श्वासावरून ओळखत. बारीक अक्षरापुरते डोळे केव्हाच गेले होते. गेल्या वर्षभरात टकटक का वाढली, ते आत्ता कळलं.

शनिवारी त्यांनी सत्तेचाळिसाव्या फर्म्याच्या त्याच प्रूफाची दुसरी, कोरी प्रत काढून घरी आणली. तपासनीस झोपले असताना खिडकीत बसून हस्तलिखित शेजारी ठेवून एकट्यानं तपासलं. सोळा पानांत तेवीस चुका. सगळ्या लाल शाईनं खुणावून त्यांनी तळाशी सही केली. पूर्ण नाव, आडनावासकट. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी, तपासनीसांच्या एका गालाला साबण असताना, तो शब्द उच्चारला.

दुपारपर्यंत नणंद दारात हजर. हातात पिशवी, तोंडावर काळजी.

“वहिनी, काय चाललंय? दादा फोनवर रडकुंडीला आला होता. म्हणाला, वहिनीला लॅटिन झालंय.”

“झालंय खरं. औषध नाही त्याला.”

“थट्टा नको. खरं सांग. हात उगारतो का?”

“नाही हो, वन्सं.”

“पितो?”

“लिंबाचं सरबत. तेही साखर कमी घालून.”

“बाहेर कुणी...?”

“चष्म्याच्या दुकानापर्यंत जायला तयार नाही तो माणूस. आणखी बाहेर कुठं जाणार?”

नणंद खुर्चीवर टेकली. “मग एवढ्या चांगल्या माणसापासून वेगळं बसायला झालं काय?”

“चांगल्या माणसाबरोबर सव्वीस वर्षं एकाच सहीत राहिलेय. जागा पुरत नाही आता.”

“सहीचं काय घेऊन बसलीस! लेकीच्या प्रगतिपुस्तकावर करायचीस की.”

“तिथंही सही त्यांचीच असायची. अक्षर चांगलं म्हणून.”

नणंद हसली, मग हसल्याबद्दल स्वतःवरच चिडली. “बरं, तो म्हणत होता, तू उठलीस तर तो उघडा पडेल. म्हणजे काय गं?”

विरामबाईंनी कपात चहा ओतला. “ते त्यांनाच विचारा. त्यांच्या वाटचं बोलायचं मी बंद केलंय.”

आतल्या खोलीत पलंग करकरला. झोपलेला माणूस जागा होता.

सोमवारी विरामबाई छापखान्यात अर्धा तास आधी पोचल्या. शेजारच्या खोलीत, बांधणी खात्याच्या कोपऱ्यात, खिडकीशी एक टेबल होतं. त्यावर जुन्या मुखपृष्ठांचा ढीग. त्यांनी ढीग खाली उतरवला, ओल्या फडक्यानं टेबल पुसलं, पाय डुगडुगत होता त्याखाली पुठ्ठ्याची घडी सारली. मग पर्स खुर्चीला अडकवून, दोघांचे सत्तेचाळिसावे फर्मे पिशवीत घेऊन मालकांच्या खोलीत गेल्या. तपासनीस त्यांच्या आधीच तिथं उभे होते. दाढी आज दोन्ही गालांची झालेली.

“या, बाई,” मालक म्हणाले. माणूस भला, पण सकाळी सकाळी कटकट नको असणारा. “हे काय ऐकतोय? बैलजोडी फुटली?”

“बैल एकच होता, मालक. दुसरा नुसता शेजारी चालत होता.”

“अगं!” तपासनीस ओरडले. मग आवाज सावरून मालकांकडं वळले. “तुम्ही मनावर घेऊ नका. वाचते ती उत्तम, मी कधी नाही म्हटलं नाही. पण तपासायला नजर लागते. ती उपजत असावी लागते. शिकून येत नाही.”

विरामबाईंना वाटलं होतं, आपल्याला राग येईल. राग आला नाही. आली ती एक थंड, स्वच्छ जिद्द. त्यांनी पिशवीतून दोन गठ्ठे काढून मालकांपुढं शेजारी शेजारी ठेवले.

“सत्तेचाळीस. हा त्यांचा. हा माझा.”

मालकांनी चष्मा चढवला. पहिलं पान, दुसरं पान. तिसऱ्या पानावर बोट थांबलं. “इथं ‘से’च्या जागी ‘ते’ पडलंय. आणि बाजूला बरोबरची खूण. तपासनीस, खूण तुमचीच ना?”

तपासनीस फर्म्याकडं वाकले, नको इतके वाकले, आणि सरळ झाले. “असेल.”

“असेल काय? तेवीस आहेत अशा! कोशकारांनी हे पाहिलं असतं तर पायरीवरच प्राण सोडला असता.” मालक विरामबाईंकडं वळले. “बाई, तुम्ही समोरच असता. यांच्याकडून हे सुटतं कसं?”

आता एका वाक्याचं काम होतं. ते वाक्य जिभेच्या टोकावर होतं, विरामचिन्हांसकट. तपासनीसांनी बायकोकडं पाहिलं. त्या नजरेत विनवणी होती, आणि ती बोलेल याची भीतीही होती. विरामबाईंनी ती नजर चुकवली नाही.

“माझ्या फर्म्यावर काय आहे ते मी सांगेन. त्यांच्या फर्म्यावर काय आहे ते त्यांना विचारा. मी सांभाळूनही घेणार नाही आणि चुगलीही करणार नाही.”

तपासनीसांनी कपाळ पुसलं.

“दिसत नाही,” ते म्हणाले.

“काय?”

“बारीक टाइप. वर्ष, दीड वर्ष झालं. ही टेबलावर टकटक करायची, त्यावर चाललं होतं.”

“आणि त्याआधी?”

तपासनीसांनी फर्म्याच्या कडा जुळवल्या. “त्याआधीही करायची.”

मालकांनी दोन्ही सह्या शेजारी शेजारी धरल्या. एक झोकदार, शेपटी ओढलेली. दुसरी शाळकरी, प्रत्येक अक्षर सुटं.

“एकट्यानं तपासणार कसं, बाई? वाचायला कोण?”

“मीच. मनात. एक डोळा हस्तलिखितावर, एक प्रूफावर. आतापर्यंतही तेच करत होते, फक्त उलट्या बाजूनं.”

“ठीक. अठ्ठेचाळीसपासून तुम्ही बघा. सही तुमची.” मालक उठले. “तपासनीस, तुमचं बघू. आधी डोळे दाखवून या.” आणि कोशकारांना फोन करायला ते बाहेर गेले.

खोलीत दोघंच उरले. विरामबाईंनी अठ्ठेचाळिसावा फर्मा उचलला.

“चारचौघांत मान खाली घालायला लावलीस,” तपासनीस म्हणाले.

“मी एक अक्षर बोलले नाही.”

“तेच.” त्यांनी हस्तलिखिताचा गठ्ठा पुढं ओढला, चाळला. एकदम त्यांचा चेहरा बदलला. “अगं, हे मला दिसतंय! त्यांचं अक्षर मोठं आहे. हे बघ. असं करू. मी वाचतो, तू तपास. खूण तुझी, सही तुझी. मी नुसता वाचीन. टेबल आपलं तेच.”

आणि त्यांनी खरंच वाचायला सुरुवात केली. घसा खाकरून, बोट ओळीखाली ठेवून, पहिल्या इयत्तेतल्या मुलासारखं. एक शब्द वाचला, पुढचा वाचला, मग थबकले. “स्वल्पविराम राहिला. राहिला ना? तू सांग की. शिकेन मी. सव्वीस वर्षं ऐकलंय, बोलता येणार नाही?” त्यांनी समोरची रिकामी खुर्ची पायानं जरा पुढं सरकवली. “बस ना. काय गं? बसतेस ना?”

विरामबाईंनी त्यांच्या बोटाखालून हस्तलिखित अलगद काढून घेतलं, प्रूफांवर ठेवलं, लाल पेनाचं टोपण घट्ट लावलं, आणि दाराबाहेर पडून खिडकीशी पुसून ठेवलेल्या आपल्या टेबलाकडं निघाल्या.